श्रेयनामावलीतील एक नाव : सुसो चेक्की द'आमिको यांच्या पटकथालेखनाचा विचार

१. प्रश्नाची मांडणी

१९५२ हे साल दोन निराळ्या कारणांनी ध्यानात ठेवण्यासारखे आहे. त्या वर्षी जळगावच्या बहिणाबाई चौधरी यांची गाणी, त्यांच्या निधनानंतर, आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली. त्याच वर्षी जानेवारीत मुंबईस भारतातील पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला आणि व्हित्तोरिओ डी सिका यांचा १९४८ चा 'लाद्री दी बिचिक्लेत्ते', म्हणजे 'सायकलचोर', हा इटालियन चित्रपट येथील रसिकांनी पाहिला. पुढल्याच वर्षी आलेल्या बिमल रॉय यांच्या 'दो बीघा जमीन' वर त्या चित्रपटाची छाया पडली, हे आता सर्वश्रुत आहे.

या दोन घटना एकत्र मांडण्याचे कारण असे की, दोहोंच्या मुळाशी एकच प्रश्न आहे. रचना कोणाची, आणि नाव कोणाचे? बहिणाबाईंना लिहिता येत नव्हते. त्यांच्या मुखातले शब्द सोपानदेवांनी जपले म्हणून एका निरक्षर शेतकरी स्त्रीचे नाव मराठी कवितेच्या इतिहासात स्थिर झाले. 'सायकलचोर' ची गोष्ट उलट आहे. त्याच्या पटकथेखाली सात नावे आहेत : ओरेस्ते बिआंकोली, सुसो चेक्की द'आमिको, स्वतः डी सिका, आदोल्फो फ्रांची, गेरार्दो गेरार्दी, जेरार्दो गेर्रिएरी आणि चेझारे झावात्तिनी. यांपैकी डी सिका व झावात्तिनी ही दोन नावे आपल्याकडील चित्रपटविषयक लेखनात वारंवार येतात. सातांतील एकुलत्या एका स्त्रीचे नाव मात्र क्वचितच उच्चारले जाते, आणि उच्चारले गेले तरी यादीतील एक नाव म्हणूनच. जिला अक्षर येत नव्हते तिचे नाव ग्रंथावर आले. जिने आयुष्यभर लेखणी हाती धरली तिचे नाव यादीत बुडाले.

प्रस्तुत लेखात या बाईंच्या पटकथालेखनाचे स्वरूप निश्चित करण्याचा प्रयत्न करावयाचा आहे. मराठी रीतीस अनुसरून येथून पुढे त्यांस आपण सुसोबाई म्हणू. त्यांच्यावर अन्याय झाला असे नुसते म्हणून काही साधत नाही. किंबहुना त्यांच्या स्वतःच्या देशात त्यांना मान मिळाला, हे पुढे येईलच. खरा प्रश्न समीक्षेच्या पद्धतीचा आहे. अनेकांनी मिळून रचलेल्या कृतीत एका हाताचा शोध घ्यावयाचा कसा, आणि तो हात ओळखू आल्यास त्याचे लक्षण काय सांगावयाचे?

२. चरित्रातील आवश्यक तेवढे

सुसोबाईंचे मूळ नाव जोव्हान्ना चेक्की. त्यांचा जन्म २१ जुलै १९१४ रोजी रोम येथे झाला. वडील एमिलिओ चेक्की हे इटलीतील मान्यवर टीकाकार व निबंधकार. १९३० नंतरच्या दशकाच्या आरंभी 'चिनेस' या चित्रसंस्थेचा कारभारही त्यांनी काही काळ पाहिला. आई लेओनेत्ता पिएराच्चीनी चित्रकार होत्या. १९३८ साली सुसोबाईंचा विवाह संगीतसमीक्षक फेदेले द'आमिको यांच्याशी झाला. सासरे सिल्व्हिओ द'आमिको हे नाट्यसमीक्षेतील मोठे नाव. म्हणजे माहेर साहित्याचे आणि सासर संगीत-नाट्याचे. तथापि चित्रपटात येण्यापूर्वी त्यांनी केलेली कामे साधी होती : काही वर्षे सरकारी खात्यात कारकुनी, आणि इंग्रजीतून भाषांतरे. या दोन्ही कामांत माणसास एक गोष्ट अंगवळणी पडते. दुसऱ्याचे म्हणणे नेमके मांडावयाचे आणि स्वतः मागे राहावयाचे.

युद्ध संपल्यावर त्या पटकथालेखनाकडे वळल्या. १९४६ चा रेनातो कास्तेल्लानी यांचा 'मिओ फील्यो प्रोफेस्सोरे' हा त्यांच्या आरंभीच्या चित्रपटांपैकी एक. त्यानंतर लुईजी झाम्पा, डी सिका, लुकीनो विस्कॉन्ती, मिकेलांजेलो अँतोनिओनी, मारिओ मोनिचेल्ली, फ्रांचेस्को रोझी अशा परस्परांहून अत्यंत भिन्न वृत्तीच्या दिग्दर्शकांबरोबर त्यांनी काम केले. विस्कॉन्ती यांच्या १९५१ च्या 'बेल्लिस्सिमा' पासून १९७६ च्या 'लिन्नोचेन्ते' पर्यंत बहुतेक चित्रपटांच्या लेखनात त्यांचा वाटा आहे. चित्रपटांची संख्या शंभराहून अधिक भरते. 'काझानोव्हा सत्तर' या १९६५ च्या चित्रपटाच्या लेखनासाठी सहलेखकांसमवेत त्यांचे नाव ऑस्कर पारितोषिकाच्या स्पर्धेत होते, आणि १९९४ साली व्हेनिसच्या महोत्सवाने त्यांना जीवनगौरवाचा सुवर्णसिंह अर्पण केला. ३१ जुलै २०१० रोजी, वयाच्या शहाण्णवाव्या वर्षी, त्यांचे रोममध्येच निधन झाले.

पटकथाकाराने स्वतःस कवी समजू नये, कारागीर समजावे, अशी त्यांची भूमिका होती. ही नम्रता प्रशंसनीय खरी, पण समीक्षकाच्या दृष्टीने ती अडचणीची आहे. कारागिराने आपली खूण पुसून टाकली, तर ती शोधण्याचे काम दुसऱ्या कोणास तरी करावे लागते.

३. पुराव्याची प्रतवारी

या ठिकाणी खानदेशातील अभ्यासकास एक जवळचे साधन उपलब्ध आहे. इतिहासाचार्य राजवाडे यांचे १९२६ साली धुळ्यास निधन झाले, आणि पुढल्या वर्षी त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ तेथे उभे राहिले. 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या मालेतून राजवाड्यांनी जो दंडक घालून दिला तो येथे कामास येतो. बखर ही मागाहून, आठवणीने व हेतूने लिहिलेली असते. अस्सल कागद त्या त्या वेळचा असतो. बखर टाकून द्यावयाची नाही, परंतु ती कागदाशी ताडून पाहावयाची.

आपल्या विषयात अस्सल कागदाची जागा चित्रपटाची श्रेयनामावली आणि मूळ कथाकृती यांना आहे. बखरीच्या जागी आहेत त्या मुलाखती व आठवणी. सुसोबाईंनी आपल्या नातीस सांगितलेल्या आठवणींचे पुस्तक १९९६ साली निघाले. म्हणजे 'सायकलचोर' नंतर अठ्ठेचाळीस वर्षांनी. त्या चित्रपटाचा शेवट, ज्यात सायकल हरवलेला बाप अखेरीस स्वतःच दुसऱ्याची सायकल चोरू पाहतो, तो सुसोबाईंनी सुचविला असे सांगितले जाते. लुईजी बार्तोलिनी यांच्या ज्या पुस्तकावरून झावात्तिनींनी कथा बेतली, त्यात असा शेवट नाही. त्यातील निवेदक हा मजूर नसून कलावंत आहे आणि त्याची सायकल त्यास परत मिळते. तेव्हा शेवट नवा रचला गेला, इतके कागदावरून सिद्ध होते. तो कोणी रचला, हे मात्र बखरीवरून घ्यावे लागते.

उलटपक्षी कागदही पुरा विश्वासार्ह नाही. श्रेयनामावलीत नाव आहे म्हणून हातून किती लिहिले गेले ते कळत नाही. आणि नाव नसले म्हणजे हात लागलाच नाही असेही म्हणता येत नाही.

आणखी एका मोहापासून सावध राहिले पाहिजे. 'सायकलचोर' च्या प्रारंभी मारिया आपल्या लग्नातल्या चादरी काढते, धुते आणि गहाण टाकावयास नेते. गहाणवटीच्या दुकानात तशाच गाठोड्यांची थेट छतापर्यंत गेलेली रास आपणांस दिसते. हे दृश्य पाहून, हे नक्कीच बाईने लिहिले असणार, असे म्हणावेसे वाटते. परंतु असे म्हणणे ही समीक्षा नव्हे. चादरी कोणत्या घरात कोणाच्या ताब्यात असतात हे पुरुष लेखकासही ठाऊक असते. लेखिका स्त्री आहे म्हणून कृतीतील जे जे घरगुती ते ते तिच्या पदरात घालणे, हा तिचा गौरव नसून तिच्या कलेस स्वयंपाकघरात परत पाठविणे होय.

मग मार्ग कोणता? पोथीच्या अभ्यासात एकच हस्ताक्षर निरनिराळ्या दफ्तरांत आढळले तर ते एका लेखकाचे मानतात. तसेच येथे करता येईल. दिग्दर्शक बदलला, मूळ कथाकार बदलला, सहलेखक बदलले, प्रमुख नटी बदलली आणि तरीही रचनेचे एखादे वळण कायम राहिले, तर ते वळण त्या सर्वांत समान असलेल्या नावाचे असण्याचा संभव पुष्कळ. या दृष्टीने पुढे काही चित्रपट क्रमाने पाहू.

४. तीन चित्रपट

पहिला चित्रपट झाम्पा यांचा १९४७ चा 'लोनोरेवोले अँजेलिना'. 'ओनोरेवोले' हे इटलीत संसदसदस्यास लावावयाचे मानदर्शक पद. म्हणजे शीर्षकाचा अर्थ 'माननीय अँजेलिनाबाई' असा घ्यावा. हे पद त्या वेळी स्त्रीच्या नावामागे लागणे किती नवे होते ते ध्यानात घ्यावयास हवे. २ जून १९४६ रोजी इटालियन स्त्रियांनी राष्ट्रीय मतदानात प्रथमच भाग घेतला आणि घटनासमितीच्या ५५६ सभासदांत २१ स्त्रिया निवडून आल्या. त्याच्या पुढल्याच वर्षीचा हा चित्रपट आहे. रोमच्या कडेच्या पिएत्रालाता या दरिद्री वस्तीतील अँजेलिना ही पोलिसाची बायको; पदरी पाच मुले. काळ्या बाजारात दडविलेला शिधा ती शेजारणींना घेऊन बाहेर काढते. मग पाणी, मग वाहतुकीची सोय, आणि पुराने झोपड्या बुडाल्यावर धनिकाने बांधून ठेवलेल्या रिकाम्या इमारतींचा ताबा, अशी एकेक मागणी वाढत जाते. बायका तिला पुढारी करतात. संसदेच्या उमेदवारीपर्यंत गोष्ट जाते. आणि तेथे ती नाही म्हणते. आन्ना मान्यानी यांना या भूमिकेबद्दल व्हेनिस येथे अभिनयाचे पारितोषिक मिळाले.

हा शेवट आजच्या वाचकास रुचणार नाही. स्त्रीला नुकताच मताचा अधिकार मिळाला आहे आणि चित्रपट तिला चुलीकडे परत पाठवितो, असा आक्षेप सहज घेता येईल. आणि तो निराधार नाही. परंतु पटकथेची बांधणी पाहिली म्हणजे आणखी एक गोष्ट दिसते. अँजेलिनाच्या प्रत्येक विजयाबरोबर तिच्या घरातील काहीतरी खर्ची पडते. नवरा ज्या कायद्याचा चाकर आहे त्याच कायद्याशी तिचे भांडण आहे. पटकथा या दोन्ही रकमा समोरासमोर मांडीत जाते आणि अखेरीस बेरीज अँजेलिनालाच करावयास लावते.

दुसरा चित्रपट 'बेल्लिस्सिमा'. मूळ कथा झावात्तिनींची. पटकथा सुसोबाई, रोझी आणि विस्कॉन्ती यांची. येथेही प्रमुख भूमिकेत मान्यानीच आहेत. मद्दालेना ही रोममधील एका चाळवजा इमारतीत राहणारी कष्टकरी स्त्री. घरोघर जाऊन सुया टोचण्याचे काम ती करते. चिनेचित्ता या चित्रनगरीत एका बालिकेचा शोध सुरू आहे असे कळताच आपल्या लहानग्या मारियाला पडद्यावर आणण्याचा ध्यास तिला लागतो. छायाचित्रे, नृत्याचे धडे, अभिनयाची शिकवणी, नवा झगा, केसांची ठेवण, प्रत्येकाचे पैसे मोजावे लागतात. चित्रनगरीतील एक गोडबोल्या तरुण ओळखीपाळखीच्या नावाखाली तिच्याकडून पन्नास हजार लिरा घेतो आणि त्यांतून स्वतःसाठी लॅम्ब्रेटा विकत घेतो.

या चित्रपटातील मध्यवर्ती प्रसंग सर्वांनी अभ्यासावा असा आहे. मुलीची चाचणी दिग्दर्शकमंडळी पडद्यावर पाहत आहेत, आणि मद्दालेना मुलीला घेऊन प्रक्षेपणाच्या खोलीतून चोरून तेच पाहत आहे. पडद्यावर मारिया रडते, केकवरच्या मेणबत्त्या तिला विझविता येत नाहीत. खाली बसलेले लोक हसतात. या हसण्यात आईला प्रथमच कळते की, आपण मुलीचे भाग्य विकत घेत नव्हतो, मुलगीच विकीत होतो. विशेष म्हणजे, या खोलीपर्यंत तिला पोचविणारी मुलगी एके काळी चित्रपटात झळकलेली आणि आता संकलनखात्यात पोटापुरते काम करणारी अशी आहे. रस्त्यावरची माणसे पकडून पडद्यावर आणण्याचा नववास्तववादी चित्रपटांस मोठा अभिमान होता; परंतु चित्रीकरण संपल्यावर त्या माणसांचे काय होते, हा प्रश्न त्या पंथाच्या आतूनच या पटकथेने विचारला. तो विचारण्यास धैर्य लागले असले पाहिजे.

आणि मग कलाटणी येते. ज्या मुलीला हसले तीच दिग्दर्शकास पसंत पडते. करारपत्र घरी येते. आता हवे ते सर्व हाताशी आहे, केवळ सही करावयाची. मद्दालेना सही करीत नाही. अखेरीस खिडकीबाहेरच्या उघड्या चित्रपटगृहातून एका अमेरिकन नटाचा आवाज ऐकू येतो, आणि तो तिला अजूनही आवडतो! स्वप्न खोटे ठरले म्हणून त्याची गोडी गेली असे पटकथा म्हणत नाही. ही शेवटची बारीक रेघ नसती तर चित्रपट बोधकथा झाला असता.

तिसरा चित्रपट अँतोनिओनी यांचा १९५५ चा 'ले आमिके', अर्थात 'मैत्रिणी'. चेझारे पावेझे यांच्या १९४९ च्या दीर्घकथेवरून सुसोबाई, कादंबरीकार आल्बा दे चेस्पेदेस आणि अँतोनिओनी यांनी पटकथा केली. येथे झावात्तिनी नाहीत, मान्यानी नाहीत, दारिद्र्यही नाही. क्लेलिआ ही रोमहून तुरिनला उंची पोषाखांच्या दुकानाची शाखा उघडण्यास येते. तुरिन हेच तिचे मूळ गाव, परंतु ती वाढली गरीब वस्तीत. उतरलेल्या हॉटेलात शेजारच्या खोलीतील रोझेत्ता या तरुणीने आत्महत्येचा प्रयत्न केल्याचे तिला दिसते, आणि त्यातून एका सुखवस्तू मैत्रिणींच्या वर्तुळात तिचा प्रवेश होतो. पावेझे यांच्या कथेत क्लेलिआ स्वतः निवेदन करते आणि रोझेत्ताच्या मरणेच्छेस नेमके असे कारण नाही. पटकथेने निवेदन काढून टाकले आणि रोझेत्ताला कारण दिले. नेने या गुणी कलावतीचा चित्रकार नवरा लोरेन्झो हा तिच्या प्रेमाचा विषय होतो, आणि त्याने झिडकारल्यावर ती जीव देते.

या बदलाने मूळ कथेतील गूढ शून्यता कमी झाली, हे मान्य केले पाहिजे. तथापि त्याच्या मोबदल्यात पटकथेने एक नवी तुलना मिळविली. नेनेला न्यूयॉर्कमध्ये प्रदर्शन भरविण्याची संधी चालून आलेली आहे, आणि तिच्या यशाने खुजा झालेला नवरा समोर आहे. क्लेलिआला वास्तुविशारदाच्या हाताखाली काम करणारा कार्लो आवडतो. त्याच्याशी संसार केला तर जुन्या वस्तीचे साधे आयुष्य परत मिळेल. नेने नवऱ्याला सावरते. क्लेलिआ काम निवडते आणि आगगाडीत बसून रोमला निघून जाते. स्थानकावर आलेला कार्लो आडोशाला उभा राहून नुसता पाहतो. दोघींपैकी कोणाचा निर्णय बरोबर, हे पटकथा सांगत नाही. तिने दोघींच्या हिशेबाची पाने तेवढी उघडी ठेवली आहेत.

५. समान वळण आणि त्याच्या मर्यादा

या तिन्ही कृतींत विषय निराळे, वर्ग निराळा, निर्णयाची दिशाही निराळी. अँजेलिना सार्वजनिक जीवन सोडून घराकडे येते, तर क्लेलिआ घर नाकारून व्यवसायाकडे जाते. तेव्हा स्त्रीने घरी राहावे वा राहू नये, असा कोणताच सिद्धांत या लेखणीचा नाही. समान आहे ते रचनेचे वळण. पात्राला जे हवे असते ते कथेच्या ओघात दुर्मिळ होत जाते, आणि अखेरीस अनपेक्षितपणे हाताशी येते. त्याच क्षणी त्याची किंमत पात्रास कळते. ती किंमत द्यावयाची की नाही हे परिस्थिती ठरवीत नाही, पात्र ठरविते.

या प्रकाशात 'सायकलचोर' चा शेवट पुन्हा पाहावा. आन्तोनिओ रिच्ची व त्याचा मुलगा ब्रूनो दिवसभर रोममध्ये वणवण करतात, उपाहारगृहात बसून गेलेल्या पगाराचा हिशेब मांडतात. मग एका भिंतीशी टेकून ठेवलेली सायकल दिसते. येथे रिच्ची किंमत मोजावयास तयार होतो, आणि पकडला जातो. ब्रूनोचे तोंड पाहून मालक त्यास सोडून देतो. परंतु मुलाच्या डोळ्यांदेखत जे गेले ते गेलेच. सायकलीची खरी किंमत तेव्हा कळते. हा शेवट सुसोबाईंचा, ही बखरीतील नोंद वर बाजूस ठेवली होती; अन्य कृतींतील वळणाशी ती इतकी जुळते की, ती आता अधिक विश्वासाने स्वीकारता येते.

विनोदी चित्रपटातही हेच वळण उलट्या अंगाने दिसते. मोनिचेल्ली यांच्या १९५८ च्या 'इ सोलिती इन्योती' त भुरटे चोर मोठ्या तयारीने भिंत फोडतात. ती भलतीच भिंत निघते, आणि ते तेथल्या स्वयंपाकघरात बसून हरभऱ्याची शिजवलेली पास्ता खाऊन परततात. या चित्रपटाचे अन्य लेखक आजे व स्कार्पेल्ली आणि स्वतः मोनिचेल्ली. म्हणजे येथवर पाहिलेल्या पाचही चित्रपटांच्या लेखनात समान असे नाव एकच उरते.

यावर दोन आक्षेप संभवतात. पहिला असा की, हे वळण एकूण नववास्तववादाचेच आहे. याची परीक्षा करण्यास डी सिका यांचा १९५२ चा 'उंबेर्तो दी' उपयोगी पडतो. त्याचे लेखन एकट्या झावात्तिनींचे. त्यातील निवृत्त म्हाताऱ्याच्या हाताशी कोणताही सौदा येत नाही. तो केवळ सोशीत जातो, आणि कुत्र्याच्या ओढीने मरणापासून मागे फिरतो. तेथे करुणा अपार आहे, परंतु निर्णयाची ती तीक्ष्ण कड नाही. पंथ तोच असूनही घडण वेगळी पडते.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. शंभरावर चित्रपटांतून पाच निवडून नियम बांधणे सोपे असते. म्हणून न जुळणारी उदाहरणेही मांडली पाहिजेत. १९५४ च्या 'सेन्सो' मध्ये सरदारपत्नी लिव्हिआ देशभक्तांसाठी ठेवलेला पैसा प्रियकरास देऊन टाकते. तिला किंमत कळते ती सर्व नाश झाल्यावर. रोझी यांच्या १९६२ च्या 'साल्व्हातोरे जुलिआनो' त तर नायक जवळजवळ दिसतच नाही. कागदपत्रे व साक्षी यांची जुळणी हीच त्याची रीत, आणि ती निःसंशय दिग्दर्शकाची आहे. तेथे सुसोबाईंची खूण शोधण्याचा हट्ट धरू नये. पटकथाकाराची थोरवी दिग्दर्शकाची गरज ओळखून बाजूस होण्यातही असते. तेव्हा आपले अनुमान असे मर्यादित करावे लागेल : हे वळण त्यांच्या सर्वच लेखनाचे लक्षण नव्हे, जेथे पात्रास निवड करण्यास जागा आहे अशा कृतींत ते वरचेवर आढळते, आणि तेथे त्यांचा हात मानण्यास आधार आहे.

६. आपल्याकडे पाहताना

हा प्रश्न दूरदेशीचा नाही. जब्बार पटेल यांचा १९८२ चा 'उंबरठा' आपणां सर्वांच्या परिचयाचा आहे. त्यातील सुलभा महाजनची भूमिका करणाऱ्या स्मिता पाटील यांचे घराणे धुळे जिल्ह्यातील शिरपूरचे, म्हणून खानदेशास त्याची जवळीक विशेष. महिलाश्रमाच्या अधीक्षिकेचे काम पत्करून सुलभा घराबाहेर पडते. ते काम सोडून परत येते तो घरात तिची जागा उरलेली नसते, आणि ती पुन्हा बाहेर पडते. पटकथा विजय तेंडुलकरांची, हे आपण जाणतो. परंतु चित्रपटास आधार असलेली 'बेघर' ही कादंबरी शांता निसळ यांची, हे किती विद्यार्थ्यांस सांगता येईल?

'ले आमिके' आणि 'उंबरठा' यांचा संबंध उलटसुलट आहे. तिकडे पुरुषाने स्त्रीच्या मुखातून लिहिलेली कथा दोन स्त्रियांच्या लेखणीतून पडद्यावर गेली. इकडे स्त्रीने लिहिलेली कादंबरी पुरुषाच्या लेखणीतून गेली. दोन्ही ठिकाणी शेवटी एक कर्तबगार स्त्री घर आणि काम यांची किंमत मोजून निघून जाते. कादंबरीतील सुलभा व पटकथेतील सुलभा यांत काय राहिले, काय गेले, काय नव्याने आले, याची ओळीने तुलना करणे हे एखाद्या पदव्युत्तर प्रबंधिकेस पुरेल असे काम आहे. त्यात तेंडुलकरांचे श्रेय कमी होणार नाही. ते अधिक नेमके होईल, आणि निसळ यांचेही.

असे काम करावयाचे तर पटकथेची टिपणे, दुरुस्त केलेल्या प्रती आणि पत्रव्यवहार हाती असावा लागतो. राजवाडे गावोगाव हिंडले तेव्हा जुनी दफ्तरे वाण्याच्या दुकानी पुड्या बांधण्यास जात होती. चित्रपटाच्या कागदांची स्थिती फारशी निराळी नाही. चित्रीकरण आटोपले की पटकथेची प्रत निरुपयोगी समजली जाते. मराठी विभागांनी अशा प्रती मिळवून जतन करणे हे हस्तलिखितांच्या संग्रहाइतकेच आपले कर्तव्य मानावे.

सुसोबाईंच्या बाबतीत निष्कर्ष इतकाच की, त्यांस 'सायकलचोर' च्या सात लेखकांपैकी एक म्हणून सोडून देणे जसे अपुरे, तसेच त्या चित्रपटाची खरी कर्ती म्हणून त्यांस एकटीस उभे करणे चूक. सहा हातांच्या सोबतीत सातवा हात कोणता, हे ओळखता येणे शक्य आहे, आणि त्याची ओळख पात्राच्या हाती अखेरचा निर्णय सोपविणाऱ्या त्या वळणात आहे. पुढच्या वेळी 'सायकलचोर' पाहताना वाचकांनी आरंभीच्या नामावलीकडे क्षणभर अधिक लक्ष द्यावे, आणि अखेरीस ब्रूनो बापाचा हात धरतो तेव्हा ती सात नावे पुन्हा आठवून पाहावीत.